नागपूरहून मुंबईच्या गोदीची सहल: इतिहास उत्तम, पुनर्विकास मात्र घाईघाईत

मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावरील जुन्या गोद्या, धक्के आणि वखारी दाखवणारी एक छोटी सहल नागपूरचे एक आयोजक काही काळापासून चालवत आहेत. इतिहासाची आवड असलेल्यांनी तिचा अवश्य विचार करावा, असे माझे मत आहे. तिचे खरे बळ असे की, मार्गदर्शक हा सगळा इतिहास विदर्भाच्या कापसापासून सांगायला सुरुवात करतात. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे इंग्लंडमधील लँकेशायरच्या गिरण्यांचा कापूस अडला, मुंबई बंदरात पैशाचा पूर आला आणि १८६७ मध्ये रेल्वे नागपूरपर्यंत पोचल्यावर इकडच्या गाठी थेट समुद्राकडे जाऊ लागल्या, ही साखळी नकाशांसह इतकी स्पष्ट मांडली जाते की, पुढे कॉटन ग्रीन स्थानकाची पाटी दिसते तेव्हा ती अनोळखी वाटत नाही.

१८७३ मध्ये मुंबई बंदराचा कारभार पाहणाऱ्या पोर्ट ट्रस्टची स्थापना, १८७५ ची ससून गोदी, १८८० ची प्रिन्सेस आणि १८८८ ची व्हिक्टोरिया गोदी हा क्रम झटपट उरकला जातो आणि ते योग्यच आहे. बॅलार्ड इस्टेटला मात्र भरपूर वेळ दिला आहे. १९१४ मध्ये खुल्या झालेल्या अलेक्झांड्रा गोदीच्या, म्हणजे आजच्या इंदिरा गोदीच्या, खोदकामातून निघालेल्या दगडमातीने समुद्र बुजवून ही जमीन तयार झाली आणि गेटवे ऑफ इंडियाचे वास्तुरचनाकार जॉर्ज विटेट यांनी तिथल्या इमारतींना एकसारखे रूप दिले, हे त्या शांत रस्त्यांवरून चालताना ऐकण्यात वेगळीच गंमत आहे.

सर्वांत चांगला भाग १४ एप्रिल १९४४ च्या स्फोटाचा. व्हिक्टोरिया गोदीत उभ्या असलेल्या 'फोर्ट स्टिकिन' जहाजात कापसाच्या गाठी आणि सुमारे १४०० टन स्फोटके एकाच वेळी भरलेली होती. आधी कापूस पेटला, मग स्फोटके उडाली आणि आग विझवण्यासाठी धावलेले ६६ अग्निशमन कर्मचारी प्राणाला मुकले. आपल्याकडे १४ एप्रिल म्हटले की डॉ. आंबेडकर जयंतीच आठवते, पण राष्ट्रीय अग्निशमन सेवा महाविद्यालय ज्या शहरात आहे त्या नागपूरकरांना अग्निशमन दिनामागची ही घटना ठाऊक असायला हवी.

पुनर्विकासाच्या भागात सहल उणी पडते. १९८९ मध्ये न्हावा शेवा येथे नवे बंदर सुरू झाल्यावर कंटेनरची वाहतूक तिकडे वळली, प्रिन्सेस आणि व्हिक्टोरिया गोद्या बुजवल्या गेल्या आणि पोर्ट ट्रस्टच्या सुमारे १८०० एकर जमिनीचे काय करायचे, हा प्रश्न उभा राहिला. २०१४ मध्ये राणी जाधव समितीने त्यावर विचार केला आणि २०१८ मध्ये पोर्ट ट्रस्टलाच या भागाचे नियोजन प्राधिकरण नेमण्यात आले. एवढा गुंतागुंतीचा विषय मार्गदर्शक बसमध्ये, खिडकीबाहेर बोट दाखवत, आटोपतात. भाऊच्या धक्क्यावरून २०२० पासून मांडव्याला जाणारी, वाहनेही नेणारी रो-रो बोट आणि शिवडीहून निघणारा अटल सेतू ही आकर्षणे म्हणून दाखवली जातात. परंतु दारूखाना या बंदरभागात जहाजे तोडणारे कामगार, वखारींतील हमाल आणि बंदराच्या जमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या राहणारी कुटुंबे यांचे या आराखड्यात काय होणार, यावर एक वाक्यही येत नाही. ज्यांनी नागपूरची एम्प्रेस मिल बंद पडताना आणि तिच्या जागेवर मॉल उभा राहताना पाहिला आहे, ते प्रवासी हा प्रश्न विचारणारच, आणि आमच्या गटात तो विचारला गेलाही; उत्तर मिळाले ते क्रूझ टर्मिनलच्या सोयींचे.

वेळापत्रकाचीही एक तक्रार आहे. ससून गोदीची खरी लगबग पहाटे मासळीच्या लिलावात असते, पण रात्रीच्या रेल्वेने येणारा गट तिथे पोचेपर्यंत टोपल्या रिकाम्या होऊन फरशी धुणे चाललेले असते. ही भेट दुसऱ्या दिवसाच्या पहाटे ठेवली, तर आयोजकांना काहीच जड जाणार नाही. जेवण साधे पण चांगले होते, बॅलार्ड इस्टेटमधील चालणे ज्येष्ठांनाही झेपण्याजोगे आहे आणि आकारलेले शुल्क वाजवी वाटले. जायचेच असेल तर हिवाळ्यातील तुकडी निवडावी. शिवडीच्या खाडीत त्या दिवसांत रोहित पक्षी उतरलेले असतात आणि डांबरी रस्त्यावर ऊनही सोसवते.