दारातल्या सावलीच्या झाडाला पाणी: पाइप, मडकं की ठिबक?

पुण्यात बावधनला घरासमोर ताम्हणाचं रोप लावलं, तेव्हा दोन उन्हाळे त्याला रोज संध्याकाळी पाइपने पाणी दिलं. तरी एप्रिलमध्ये पानांच्या कडा करपायच्याच. एकदा पाणी घातल्यावर तासाभराने खुरप्याने उकरून पाहिलं. वरची चार बोटं माती चिंब होती आणि खाली मुरूम कोरडा ठणठणीत. त्या दिवसापासून कोणतीही पद्धत पाहिली की मी दोनच गोष्टी तपासते: पाणी कुठे पडतंय आणि किती खोल जातंय.

पाणी ओढणारी बारीक मुळं बुंध्याला चिकटून नसतात. ती बहुतेक वरच्या दीड-दोन फूट मातीत असतात आणि फांद्यांच्या घेराइतकी, कधी त्याहूनही लांब पसरतात. म्हणजे झाड वाढेल तसं पाणीही बाहेर सरकायला हवं. बुंध्यावर रोज पाणी मारलं तर मुळांना फारसं मिळत नाही, उलट साल कुजायची भीती असते.

आता थोडा हिशोब करू. 1 चौरस मीटरवर 1 मि.मी. पाणी म्हणजे 1 लिटर. झाडाचा विस्तार एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत 3 मीटर असेल तर त्याखालची जमीन साधारण 7 चौरस मीटर भरते. तिथे 25 मि.मी. पाणी द्यायचं म्हणजे 175 लिटर, जवळजवळ एक पिंप. काळ्या मातीत मी हे दहा-बारा दिवसांनी एकदा देते. टेकडीच्या बाजूच्या मुरमाड जागेत पाणी टिकत नाही, म्हणून तिथे निम्मं-निम्मं करून पाच-सहा दिवसांनी. रोज थोडं थोडं देण्यापेक्षा झाड याने नक्की सुधारतं.

पाइपला वेगळा खर्च नाही, पण त्याच्याशी उभं राहायचा धीर आपल्याकडे नसतो. 15 लिटरची बादली मिनिटात भरत असेल, तर 175 लिटरला बारा मिनिटं लागतात. शिवाय काळी माती इतक्या वेगाने पाणी पीत नाही, ते फाटकाखालून रस्त्यावर जातं. पाइपच वापरायचा असेल तर फांद्यांच्या कडेखाली गोल आळं करा, धार बारीक ठेवा आणि जागा तीन-चारदा बदला. जुन्या, मोठ्या झाडाला मला हीच पद्धत पटते. त्याला उन्हाळ्यात दोन-तीनदाच पाणी लागतं, तेवढ्यासाठी नळ्यांचं जाळं कशाला?

नव्या रोपाला मात्र मडकंच. आठ-दहा लिटरचं, रंग न दिलेलं, झिलई नसलेलं मडकं रोपापासून दीड फुटावर गळ्यापर्यंत पुरायचं. माती कोरडी असेल तर ती मडक्यातून पाणी ओढून घेते, ओली असेल तर पाझर आपोआप मंदावतो. घाईत पाणी जास्त होण्याची भीती राहत नाही आणि मुळं ओलाव्यामागे खोल जातात. कुंभारवाड्यातून आणलेलं मडकं पुरण्याआधी रात्रभर भरून ठेवा. सकाळी बाहेरून घाम आलेला दिसला तरच ते कामाचं. तोंडावर झाकण हवंच, नाहीतर आत डास होतात. बोअरचं पाणी जड असेल तर क्षारांनी मडक्याची बारीक छिद्रं बुजतात आणि वर्षा-दोन वर्षांत मडकं पाझरेनासं होतं. तोवर रोपही मोठं झालेलं असतं आणि एका मडक्याचं पाणी त्याला पुरत नाही.

ठिबकाचा सगळ्यात मोठा फायदा म्हणजे आपण घरी नसलो तरी ते चालतं. पण पुण्यात मी बंगल्यांमध्ये पाहते तो ठिबक बहुधा चुकीचा लावलेला असतो: बुंध्याशी दोन ड्रिपर (थेंब थेंब पाणी सोडणाऱ्या तोट्या) आणि टायमर रोज पंधरा मिनिटांवर. ताशी 4 लिटरचे दोन ड्रिपर पंधरा मिनिटांत 2 लिटर देतात. मोठ्या झाडाला ते घशापर्यंतही पोचत नाहीत! त्याऐवजी 16 मि.मी.ची, ड्रिपर बसवलेली नळी फांद्यांच्या कडेखाली गोल फिरवा. तिच्यावर आठ ड्रिपर असतील तर तासाला 32 लिटर, म्हणजे 175 लिटरला साडेपाच तास. दर वर्षी पावसानंतर हे कडं थोडं मोठं करायचं, म्हणून नळी सुरुवातीलाच लांब घ्या.

घेण्याआधी दाब बघा. टाकी 10 मीटर उंच असेल तर दर चौरस सें.मी.ला सुमारे 1 किलो दाब मिळतो. एकमजली घराच्या गच्चीवरची टाकी त्याच्या निम्म्यावरच असते, आणि ड्रिपर लिहिलेल्यापेक्षा कमी पाणी देतो. ड्रिपरखाली सहा मिनिटं वाटी ठेवा, जमलेलं पाणी दहाने गुणा, खरा आकडा कळेल. फिल्टर महिन्याला धुवा. खारी नळ्या कुरतडतात, त्यावर पालापाचोळा घातलेला बरा.

फवारा झाडासाठी घेऊच नका, तो हिरवळीसाठी आहे.

माझा कौल असा: पहिले दोन उन्हाळे मडकं, तिसऱ्यापासून ठिबकाचं कडं, जुन्या झाडाला सावकाश पाइप. एकच झाड असेल आणि घरात कोणी असेल, तर ठिबकावर पैसे घालू नका. बहावा आणि कडुनिंब एकदा रुजले की बकुळीपेक्षा कमी पाण्यात भागवतात. उन्हाळ्यात बहाव्याची पानं झडली म्हणून पाणी वाढवू नका, तो फुलायच्या आधी तसाच उघडा होतो.

तिन्हीकडे बुंध्यापासून वीतभर जागा सोडून तीन-चार बोटं पालापाचोळा पसरा. पुण्याचा बहुतेक पाऊस जून ते सप्टेंबरमध्ये पडतो. मृगाचा पाऊस नीट लागला की ठिबक बंद करा आणि काळ्या मातीतलं आळं एका बाजूने फोडा, म्हणजे मुळांशी पाणी साचून राहणार नाही.