लोंबती चाती आणि टेकवलेली टकळी

हाताने सूत कातायला लोंबती चाती घ्यावी की टेकवून फिरवायची टकळी, हे तंतूंवर अवलंबून असते. लॅटिनमध्ये 'फ्यूसुस' म्हणून ओळखली जाणारी रोमन चाती, म्हणजे सूत कातायची फिरती काडी, ही प्रामुख्याने लोकर आणि जवसाच्या खोडातील तंतूंसाठी घडलेली होती. काडीला माती, हाड किंवा दगडाची भोक पाडलेली चकती बसवून ती हवेत लोंबती सोडली जाई. लोकरीचे तंतू लांब असल्याने ते एकमेकांना धरून राहतात. त्यामुळे फिरत्या चातीचे वजन धाग्याला तोडत नाही, उलट ताणून सारखा करते, आणि कातणारीला उभ्याने किंवा चालता चालताही काम करता येते.

कापसाचे गणित मात्र निराळे आहे. त्याचे तंतू आखूड असतात, पुरेसा पीळ बसेपर्यंत धागा अतिशय नाजूक राहतो आणि जड चाती लोंबवली तर तो पेळूपासून (कातण्यासाठी केलेल्या कापसाच्या वळीपासून) तुटून पडतो. म्हणूनच टकळीचे, म्हणजे लहान, हलक्या चातीचे, टोक वाटीत किंवा गुळगुळीत पृष्ठभागावर टेकवून ती फिरवतात. टकळीचा भार धाग्यावर येत नाही आणि हलकी असल्याने ती वेगाने फिरून आखूड तंतूंना हवा तेवढा दाट पीळ देते. ढाक्याच्या मलमलीचे सूतही असेच, बारीक चातीचे टोक शिंपल्यात टेकवून, दमट हवेत कातले जाई. हस्तव्यवसायातून शिक्षण देण्याच्या गांधीजींच्या १९३७च्या वर्धा शिक्षण योजनेनंतर शाळांमध्ये टकळी रुजली, त्यामागे तिचा स्वस्तपणा आणि आटोपशीरपणाही होता.

कापूस कातायचा असेल, तर माझ्या मते टकळीच घ्यावी. लोंबती चाती लोकरीसाठी ठेवावी.