‘प्लेको’ : एकाच प्रतिशब्दावर विसंबू न देणारा चिनी-इंग्रजी कोश

यंत्राच्या माहितीपुस्तिकेत ‘ओपन द पॉवर स्विच’ असे वाक्य आले, तर इंग्रजीतून विद्युत अभियांत्रिकी शिकलेल्या माणसाने त्याचा अर्थ काय घ्यावा? त्याच्या परिभाषेत ‘ओपन सर्किट’ म्हणजे तुटलेले सर्किट, ज्यातून प्रवाह वाहत नाही. त्यामुळे स्विच ‘ओपन’ करायचा म्हणजे वीज तोडायची, असे त्याला वाटले तर तो त्याचा दोष नव्हे. मूळ चिनी वाक्यात मात्र ‘खाइ’ हे क्रियापद असते आणि सूचना नेमकी उलटी, म्हणजे वीज सुरू करण्याची असते. चिनी माणूस दार, झडप, दिवा आणि स्विच या सगळ्यांना ‘खाइ’ हेच क्रियापद लावतो, आपण मराठीत दार उघडतो आणि दिवा लावतो, आणि इंग्रज दारासाठी ‘ओपन’ व दिव्यासाठी ‘टर्न ऑन’ म्हणतो. भाषांतर करणाऱ्याने शब्दकोशातला पहिलाच प्रतिशब्द उचलला की काय होते, याचे याहून चांगले उदाहरण मला अजून सापडलेले नाही.

आयात केलेल्या यंत्रांच्या इंग्रजी पुस्तिका मूळ चिनीशी ताडून पाहणे हे माझे काम आहे, आणि त्या कामात मी गेली काही वर्षे ‘प्लेको’ हा चिनी-इंग्रजी कोश फोनवर वापरत आहे. हे परीक्षण त्या वापरावर आधारलेले आहे. सहलीपुरते चार शब्द हवे असणाऱ्याला यातील बरेचसे विवेचन अनावश्यक वाटेल, याची मला कल्पना आहे.

प्लेको हे नवे अ‍ॅप नाही. २००० साली मायकेल लव्ह यांनी हा उद्योग सुरू केला, तेव्हा तो पाम कंपनीच्या खिशात मावणाऱ्या छोट्या संगणकांसाठी होता. आयफोन आणि अँड्रॉइड नंतर आले. मूळ अ‍ॅप विनामूल्य आहे. त्यात कंपनीचा स्वतःचा उदाहरणवाक्यांसहित कोश मिळतो, आणि ‘सीसी-सीडिक्ट’ हा स्वयंसेवकांनी वाढवलेला मुक्त परवान्याचा कोशही पैसे न देता जोडता येतो. बाकीचे कोश, कॅमेऱ्यातून अक्षरे वाचण्याची सोय आणि काही अभ्याससाधने विकत घ्यावी लागतात. कोश फोनमध्येच साठवलेले असल्यामुळे इंटरनेट नसतानाही चालतात, आणि ज्या देशात गूगलच्या सेवा बंद आहेत त्या देशात फिरताना ही गोष्ट किती मोलाची ठरते, हे सांगायला नको.

शब्द शोधण्याची सोय हा या कोशाचा पहिला गुण आहे, आणि तो समजण्यासाठी कागदी कोशाची आठवण असावी लागते. पारंपरिक पद्धतीत अक्षराचा मूलघटक, म्हणजे ज्या भागाखाली ते कोशात लावलेले असते तो भाग, ओळखायचा, २१४ मूलघटकांच्या यादीत तो शोधायचा, उरलेल्या रेघा मोजायच्या, आणि एक रेघ चुकली की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायची. रॉबर्ट मॉरिसन या मिशनऱ्याने पहिला मोठा चिनी-इंग्रजी कोश रचला. तो ईस्ट इंडिया कंपनीच्या खर्चाने मकावमध्ये १८१५ ते १८२३ या काळात छापला गेला. परक्यांना चिनी शिकवणे तत्कालीन राजवटीला मान्य नव्हते, हे लक्षात घेतले तर त्या कामाची जिद्द कळते. १८९२ साली हर्बर्ट जाइल्स यांचा कोश आला. पण इंग्रजी वाचकाला उच्चारावरून सरळ शब्द सापडावा, या विचाराने सबंध कोश रोमन वर्णक्रमाने लावण्याचे काम जॉन डीफ्रान्सिस यांच्या संपादनाखालील ‘एबीसी’ कोशाने १९९६ साली केले, आणि त्याच परंपरेतला ‘एबीसी’ प्लेकोमध्ये विकत मिळतो. प्लेकोत तुम्ही रोमन लिपीतला उच्चार टंकित करा, अक्षर बोटाने काढा, किंवा इंग्रजी शब्द द्या. शब्द समोर येतो. सूर, म्हणजे शब्दाचा अर्थ बदलणारे उच्चारातले चढउतार, रंगांनी दाखवलेले असतात. सोपी आणि पारंपरिक अशी दोन्ही अक्षररूपे एकत्र दिसतात, आणि ही सोय केवळ शोभेची नाही.

चीनमधल्या इंग्रजी पाट्यांची जी थट्टा जगभर झाली, तिच्यातला बराच भाग या अक्षररूपांत दडलेला आहे. ‘कोरडे’ आणि ‘करणे’ या अर्थांची दोन वेगळी पारंपरिक अक्षरे लिपीच्या सुलभीकरणात एकाच अक्षरात विलीन झाली. त्यांपैकी ‘करणे’ या बाजूला बोलीभाषेत एक अश्लील अर्थही आहे. यांत्रिक भाषांतराने नेमका तोच निवडला आणि दुकानांतील सुक्या मालाच्या विभागांवर लिहू नयेत असे इंग्रजी शब्द झळकले. दुसरी प्रसिद्ध पाटी ओल्या फरशीची. ‘श्याओशिन, ती ह्वा’ म्हणजे ‘सांभाळा, जमीन निसरडी आहे’. मधल्या ‘ती’ या अक्षराचा दुसरा उच्चार ‘त’ असा होतो आणि तेव्हा ते क्रियाविशेषण बनवणारा प्रत्यय ठरते. मग त्याच चार अक्षरांचा अर्थ ‘काळजीपूर्वक घसरा’ असा होतो. प्लेकोत हे अक्षर उघडले की दोन्ही उच्चार वेगवेगळ्या नोंदींनी समोर येतात, आणि वाचणाऱ्याला थांबून विचार करावाच लागतो. २००८च्या ऑलिम्पिकपूर्वी बीजिंगमध्ये अशा पाट्या सुधारण्याची मोहीम निघाली होती, आणि सार्वजनिक सेवांतील इंग्रजीसाठी चीनने २०१७ साली राष्ट्रीय मानकही लागू केले. हसणाऱ्या इंग्रजी भाषकांपैकी कितीजणांना एकतरी चिनी पाटी वाचता येत होती, असा प्रश्न मला तेव्हा पडत असे.

दुसरा गुण मला अधिक महत्त्वाचा वाटतो, आणि मी पैसे खर्च केले ते त्यासाठीच. एका शब्दावर बोट ठेवले की सर्व कोशांच्या नोंदी एकाखाली एक येतात आणि त्या नेहमी एकमेकींशी जुळत नाहीत. ‘श्वेनछ्वान’ हा शब्द घ्या. त्याला इंग्रजीत ‘प्रोपगंडा’ म्हणावे तर विसाव्या शतकातील युद्धांनी त्या इंग्रजी शब्दावर बसवलेला काळा डाग सोबत येतो. ‘पब्लिसिटी’ म्हणावे तर राजकीय वजन नाहीसे होते. चिनीत दंतआरोग्याच्या माहितीपत्रकालाही हाच शब्द चालतो. चिनी कम्युनिस्ट पक्षाच्या याच नावाच्या विभागाने १९९०च्या दशकात आपल्या इंग्रजी नावातून ‘प्रोपगंडा’ काढून ‘पब्लिसिटी’ घातले, आणि चिनी नाव तसेच ठेवले. एका अक्षराचाही बदल न करता केलेले हे नामांतर समजायचे असेल तर एकच प्रतिशब्द देणारा कोश कुचकामी ठरतो.

उलट दिशेनेही गैरसमज वाहतात. ‘संकट’ या अर्थाचा चिनी शब्द ‘धोका’ आणि ‘संधी’ या दोन अक्षरांनी बनतो, हे वाक्य इंग्रजी भाषणांतून आणि व्यवस्थापनाच्या वर्गांतून इतके फिरले आहे की जॉन केनेडी यांच्याही भाषणात ते सापडते. प्लेकोत ‘वेइची’ हा शब्द उघडून त्याची दोन अक्षरे सुटी पाहावीत. दुसऱ्या अक्षराला यंत्र, निमित्त, निर्णायक क्षण असे अनेक अर्थ आहेत आणि ‘संधी’ हा त्या अक्षरापासून बनलेल्या दुसऱ्या जोडशब्दाचा अर्थ आहे. ‘वेइची’मध्ये ते अक्षर निर्णायक, धोक्याच्या वळणाविषयी बोलते. ज्या अक्षरापासून जे जे शब्द बनतात ते सगळे एका ठिकाणी दाखवण्याची सोय येथे आहे, आणि पाच मिनिटांत हा गोड समज उतरतो.

मराठी वाचकासाठी येथे थोडे विषयांतर करतो. चिनीतल्या रोमन लेखनपद्धतीत, जी १९५८ साली स्वीकारली गेली, ‘बी’ आणि ‘पी’ ही अक्षरे आपल्या ‘ब’ आणि ‘प’साठी नसून जवळपास ‘प’ आणि महाप्राण ‘प्‌ह’साठी आहेत, म्हणूनच मूळ उच्चार बीजिंगपेक्षा ‘पेइचिंग’च्या जवळ जातो. इंग्रजी भाषकाला हा भेद कष्टाने शिकावा लागतो, आपल्याला क आणि ख वेगळे ऐकण्याची सवय बालपणापासून असते. इतकेच नव्हे तर ‘चमचा’ आणि ‘चहा’ यांतील दोन वेगवेगळे ‘च’ चिनीतही उपयोगी पडतात. प्लेको अर्थातच इंग्रजीतून समजावतो. बोलीतल्या ‘त्सान्मन’ आणि नेहमीच्या ‘वोमन’ या दोन सर्वनामांतला फरक सांगताना इंग्रजी कोशाला ‘ऐकणाऱ्यासह आम्ही’ असे लांबलचक स्पष्टीकरण द्यावे लागते, कारण इंग्रजीत एकच ‘वी’ आहे. त्या नोंदीपाशी मी समासात पेन्सिलीने ‘आपण’ लिहिले असते, पण फोनला समास नसतो.

आता मर्यादा. हा कोश मुख्यतः चिनी शिकणाऱ्या इंग्रजी भाषकासाठी बांधलेला आहे. इंग्रजीकडून चिनीकडे जाणाऱ्याला तो तितका उदार वाटत नाही, आणि ज्या चिनी लेखकाने ‘ओपन द पॉवर स्विच’ लिहिले त्याला येथून ‘खाइ’चे सतरा अर्थ कळतील, पण इंग्रजीत कोणत्या वस्तूला कोणते क्रियापद लागते हे कळणार नाही. शिवाय सामान्य कोशाची परिभाषेत फसगत होते. चिनी मानकांच्या लेखनाचे नियम ठरलेले आहेत : ‘यिंग’ म्हणजे इंग्रजीतील ‘शॅल’, बंधनकारक, ‘यी’ म्हणजे ‘शुड’, शिफारस, ‘ख’ म्हणजे ‘मे’, मुभा. सामान्य कोशांत मात्र ‘यिंग’समोर ‘शुड’ आढळतो आणि तो रोजच्या बोलण्यात चुकीचाही नाही. सुरक्षेच्या प्रकरणात हा बिनचूक प्रतिशब्द घातला की बंधनाची शिफारस होते. ‘चूयी’ या शब्दाचीही तीच गत : तो ‘सावधान’ही आहे आणि ‘टीप’ही, आणि इंग्रजी पुस्तिकांत या दोन पायऱ्या काटेकोरपणे वेगळ्या छापल्या जातात. यावर अ‍ॅपने काही करावे अशी माझी अपेक्षा नाही. त्या क्षेत्राचे मानक शेजारी उघडे ठेवावे लागते.

सीसी-सीडिक्टविषयीही एक शब्द. त्याच्या १,२०,०००हून अधिक नोंदी आहेत, आणि नवे बोलीशब्द तेथे छापील कोशांच्या आधी येतात. पण नोंद एका ओळीची असते, उदाहरणवाक्य नसते, आणि वापर कळण्यासाठी पुन्हा वरच्या कोशाकडे जावे लागते. मी तो शेवटच्या क्रमांकावर ठेवला आहे, कारण यादीत जे वर दिसते तेच डोळा खरे मानतो.

विकत काय घ्यावे, असे विचारले तर माझे मत असे : नवशिक्याने सहा महिने काहीही घेऊ नये. त्यानंतर प्रथम ‘एबीसी’ घ्यावा, आणि चिनी परिच्छेद अडखळत का होईना वाचता येऊ लागला की चिनीतूनच चिनी अर्थ देणारा एक कोश घ्यावा, म्हणजे इंग्रजीचा चष्मा अधूनमधून उतरवता येतो. कॅमेऱ्याची सोय माझ्यासारख्याला यंत्रावरील पट्ट्या वाचण्यासाठी उपयोगी पडते, घरी अभ्यास करणाऱ्याला नाही.

पहिल्या परिच्छेदातली पुस्तिका मी दुरुस्त्यांसह पुरवठादाराकडे परत पाठवली, तेव्हा ‘खाइ’च्या नोंदीचे छायाचित्र सोबत जोडले होते. पुढच्या आवृत्तीत ‘टर्न ऑन’ आले. यंत्राला बांधलेल्या चिठ्ठीवर मात्र ‘प्रमाणात बसलेले’ या चिनी शब्दासाठी अजून ‘क्वालिफाइड’ छापलेले येते, जणू त्या बोल्टांनी पदवी घेतली आहे. अर्थ कळतो, कोणाला इजा होत नाही, म्हणून मी ते तसेच राहू दिले आहे.