थकलेलं वैयक्तिक कर्ज: लोकअदालतीत तडजोड की कोर्टात कैफियत?

बँकेने वसुलीचा दावा लावला की समन्सच्या मागोमाग बहुधा लोकअदालतीची नोटीसही येते. मी कोर्टात कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दिली. प्रत्येकाला ते सोयीचं असेलच असं नाही.

एक आशा मात्र आधीच सोडा: ‘24 टक्के म्हणजे सावकारीच, न्यायाधीश दर खाली आणतील.’ बँकिंग नियमन कायद्याच्या कलम 21अ मुळे, केवळ दर जास्त आहे म्हणून कोर्टाला बँकेचा व्यवहार उकरता येत नाही. मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करू न देणारा महाराष्ट्राचा 2014 चा सावकारी कायदाही बँकेला लागू नाही. भांडण करारातल्या दराचं नसतंच. त्यावर काय काय चढवलं, याचं असतं.

लोकअदालतीचे फायदे खरे आहेत. एका दिवसात मिटतं, तारखा नाहीत, निवाड्यावर अपील नाही.

मला खटकला तो आकडा. पॅनेलपुढे बँकेचे अधिकारी एकच रक्कम सांगत होते. यात मुद्दल किती, करारातलं व्याज किती, दंडव्याज किती, असं विचारलं की उत्तर एकच: “सूट किती मिळतेय ते बघा ना.” पण सूट कशातून, हे कळल्याशिवाय ती बघायची कशी? घाई इतकी की फोड मागणारा माणूसच अडेलतट्टू ठरावा. मला ते फार लागलं. घेतलेले पैसे बुडवायचे नव्हतेच, हिशेब हवा होता.

कोर्टात बँकेला दाव्यासोबत प्रमाणित खातेउतारा द्यावा लागला. वकिलांनी तो ओळीओळीने तपासला, तेव्हा दंडव्याज थकबाकीत मिळवून त्यावर पुन्हा व्याज लावल्याचं दिसलं. सेंट्रल बँक ऑफ इंडिया विरुद्ध रवींद्र या 2001 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दंडव्याजाचं असं मुद्दल करायला मनाई केली आहे. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट 2023 च्या परिपत्रकानेही दंडाच्या रकमेवर पुढे व्याज लावायचं नाही असं सांगितलं. माझ्या उताऱ्यातला हा फुगवटा आणि पॅनेलपुढे देऊ केलेली सूट यांत फारसं अंतर नव्हतं. माझ्यापुरता निर्णय तिथेच झाला.

दुसरी जमेची बाजू दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 34. दावा दाखल झाल्यापासून निकालापर्यंत वाजवी व्याज किती, हे कोर्ट ठरवतं. निकालानंतरचं व्याज 6 टक्क्यांच्या वर जात नाही. धंद्यासाठी काढलेल्या कर्जाला मात्र ही मर्यादा ओलांडता येते. माझं कर्ज वडिलांच्या ऑपरेशनसाठी होतं, त्यामुळे तो प्रश्न आला नाही.

वकिलाची फी, बुडालेल्या रजा आणि घरातला ताण हे सगळं कोर्टाच्या वाटेवर आहे, ते कमी लेखू नका. रक्कम लहान असेल आणि एकरकमी पैसे हाताशी असतील, तर लोकअदालत कदाचित बरी. तरीही खातेउतारा तारखेच्या आधी लेखी मागा आणि दंडव्याजाची बेरीज स्वतः करा. तिथे सही करायची सक्ती कुणी करू शकत नाही. तडजोड जमली नाही तर दावा कोर्टात पुढे चालू राहतो. समन्स संक्षिप्त दाव्याचं (झटपट निकालासाठीच्या वेगळ्या प्रक्रियेतल्या दाव्याचं) असेल, तर हजर व्हायला 10 दिवसच मिळतात. लोकअदालतीची तारीख लांब आहे म्हणून वकील गाठायचं पुढे ढकलू नका.