विंडो एसी हिवाळ्यापुरता काढून देणारी सेवा: उतरवण्यात चोख, बांधण्यात कच्ची

रामबागेतील आमच्या घराच्या मागच्या खोलीला एकच खिडकी आहे आणि तीत दीड टनाचा विंडो एसी बसवलेला असल्यामुळे, डिसेंबरात इंदूरचा पारा दहा अंशांखाली गेला की कडेच्या फटींतून गारठा आत येतो आणि ऊन मात्र बाहेरच अडते. म्हणून या वेळी दिवाळीनंतर महाराणी रोडवरील एका दुकानाला एसी काढून, साफ करून, बांधून देण्याचे काम सांगितले. बाराशे रुपये पडले.

आलेल्या दोघा कारागिरांनी लगेच स्क्रू खोलायला घेतले नाहीत, हे मला विशेष आवडले. पावसाळाभर मागच्या ट्रेमध्ये साचलेले पाणी त्यांनी फडक्याने टिपून घेतले, फिल्टर धुऊन वाळवला आणि मग दोन तास एसी नुसत्या पंख्यावर चालवला. आत ओल कोंडली की उन्हाळ्यात पहिल्याच दिवशी खोलीभर कुबट वास सुटतो, हा आमचा मागील वर्षीचा अनुभव आहे. त्यानंतर पन्नास किलोंहून जड असलेले ते धूड, खिडकीत होते त्याच स्थितीत, कुशीवर न कलंडवता त्यांनी जिन्यावरून खाली आणले. यंत्र कलंडले तर कॉम्प्रेसरमधील तेल नळ्यांत उतरते आणि मग पुन्हा सुरू करण्यापूर्वी ते किमान चोवीस तास सरळ ठेवावे लागते. सगळे स्क्रू एका पुडीत घालून ती पुडी त्यांनी पुढच्या जाळीला चिकटवली. एवढी काळजी मी तरी घेतली नसती.

बांधणी मात्र निराशाजनक होती. संपूर्ण यंत्र त्यांनी प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळले, आणि तीन आठवड्यांनी पाहिले तेव्हा प्लास्टिकच्या आतल्या बाजूला पाण्याचे थेंब जमले होते. ते फाडून मी जुनी सुती चादर पांघरली आणि उंदरांनी वायर कुरतडू नये म्हणून मागच्या बाजूला बारीक लोखंडी जाळी लावली. एसी माळ्यावर चढवण्याची त्यांची सूचनाही मी मानली नाही, कारण एवढे वजन आमचा जुना लाकडी माळा पेलेल असे वाटत नाही. सध्या तो जिन्याखाली दोन विटांवर ठेवला आहे.

मार्चमध्ये पुन्हा यांनाच बोलावणार आहे. परंतु बसवण्याचे पैसे वेगळे पडतात, हे बिल हाती आल्यावर कळले, तेव्हा दोन्ही कामांचा दर आधीच एकत्र ठरवून घ्यावा.