मजुरीवर बांधायचं की मटेरियलसह ठेका द्यायचा?

लातूरला प्लॉट घेतलेला माझा भाचा अडलाय: सळई-सिमेंट स्वतः आणून मिस्त्रीला नुसती मजुरी द्यायची, की कॉलमपासून बाहेरच्या प्लास्टरपर्यंत सगळं ठेकेदारावर सोपवायचं?

खर्चात मजुरी स्वस्त दिसते, कारण मालावरचा ठेकेदाराचा नफा वाचतो. पण वाया गेलेलं सिमेंट आणि वाळू न आल्यानं बसून राहिलेली माणसं, हा तोटा आपला. ठेक्याचा दर जास्त, पण ठरलेला. सिमेंटचा प्रकार, सळईचा व्यास, विटा करारात लिहून घेतल्या नाहीत तर त्या दराला काही अर्थ नाही.

मजबुतीचं म्हणाल तर १९९३ चा किल्लारीचा भूकंप आपण विसरूच नये. कॉलमच्या उभ्या सळयांभोवती बांधलेल्या रिंगांची टोकं १३५ अंशांत आत वळलेली हवीत. ९० अंशांची टोकं हादऱ्यात उघडतात. मजुरी असो की ठेका, काँक्रीट ओतण्याआधी सळई इंजिनिअरनं पाहिलीच पाहिजे. काळ्या मातीतला पायाही त्याच्याच डिझाइननं.

आता पाणी. साध्या सिमेंटच्या स्लॅबला किमान ७ दिवस, पीपीसीच्या, म्हणजे राख मिसळलेल्या सिमेंटच्या, स्लॅबला १० दिवस ओल हवी. मजुरीवर टँकर आपल्या गळ्यात. ठेक्यात तो ठेकेदाराच्या खर्चात, म्हणून काटकसर आधी तिथंच होते.

घरातलं कुणी रोज साइटवर थांबणार असेल तर मजुरीवर बांधा. नोकरी पुण्याला असेल तर ठेका द्या, पण पैसे काम तपासून टप्प्याटप्प्यानं, आणि तपासणारा इंजिनिअर आपण नेमलेला.