बस्टर कीटनचे मूक लघुपट : आठ महिन्यांनंतर

मूकपटांच्या काळातला अमेरिकी विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटन, त्याच्या १९२० ते १९२३ या काळातल्या १९ लघुपटांचा ब्लू-रे संच घेऊन आठ महिने झाले. सुरुवातीला रोज रात्री एक बघायचो. आता ठरावीक चार-पाचच पुन्हापुन्हा लावतो, आणि त्या सगळ्या प्रेमाच्या गोष्टी आहेत.

हेच लघुपट आधी नेटवर फुकट पाहिले होते. मूकपटांच्या काळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत, त्यामुळे वेग कमीजास्त असायचा. तीच रीळ सेकंदाला २४ चौकटींनी चालवली की माणसं तुरुतुरु पळतात. या संचात वेग सांभाळलाय. म्हणून पडण्याआधीचं क्षणभर थांबणं दिसतं, मुलीकडे बघताना कीटनच्या न हसणाऱ्या चेहऱ्यावर काय हलतं तेही दिसतं.

सर्वांत जास्त वेळा लावला 'वन वीक' (१९२०). नव्या जोडप्याला सुटे भाग जोडून उभं करायचं घर आहेरात मिळतं. मुलीने नाकारलेला माणूस खोक्यांवरचे आकडे बदलतो. घर वाकडंतिकडं उभं राहतं, वादळात गरगर फिरतं. ते खरंच फिरत्या चकतीवर बांधलं होतं. शेवटी घर रुळांवर अडकतं. आगगाडी येते आणि शेजारच्या रुळावरून निघून जाते. दोघं हुश्श करतात, तोच उलट दिशेने दुसरी येऊन घराचा चुराडा करते.

माझ्याशेजारी बसून बघताना आई म्हणाली, "पोरगी कष्टाची आहे हो." तेव्हापासून मी बायको झालेल्या सिबिल सीलीकडेच बघतो. ती कडेला उभी राहून किंचाळत नाही, नवऱ्याबरोबर राबते. मला त्यांचं प्रेम तिथे दिसतं. उलट 'कॉप्स'मधली (१९२२) मुलगी कीटनला आधी 'मोठा उद्योजक हो' म्हणते, आणि शेवटी त्याच्याकडे पाठ फिरवते. मग तो स्वतःहून पोलिसांच्या हाती जातो. पडद्यावर उरतो थडग्याचा दगड, त्यावर त्याची टोपी. तिसऱ्यांदा पाहताना मला हसूच आलं नाही.

तक्रारी आहेत. एक डिस्क ओरखडे पडलेली आली, बदलून मिळायला तीन आठवडे गेले. काही ठिकाणी संगीत फार गोंगाटाचं आहे, आवाज बंद करून बघतो. 'नेबर्स'मधला काळ्या माणसांवरचा विनोद आज बघवत नाही. पण कुंपणाच्या भोकातून चिठ्ठ्या देणारी त्यातली दोघं मला फार आवडतात, म्हणून तोही लावतो. संवाद लिहिलेल्या मधल्या पाट्या इतक्या थोड्या आहेत की आईला वाचून दाखवाव्या लागत नाहीत.